वकील, नगराध्यक्ष, मुख्यमंत्री : वसंतराव नाईक आणि स्थानिक स्वराज्य – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ठाणे आणि नवी मुंबई परिसरातील स्पर्धा परीक्षांचे विद्यार्थी, गृहनिर्माण संस्थांचे पदाधिकारी आणि मूळ गावठाणांतील रहिवासी यांच्याकडून वसंतराव नाईक यांच्याविषयी आणि त्यांच्या काळात घडलेल्या कायद्यांविषयी तेच ते प्रश्न सातत्याने येतात. ते येथे एकत्र केले आहेत. सुरुवातीचे प्रश्न प्राथमिक आहेत आणि गुंतागुंतीचे प्रश्न शेवटाकडे आहेत. एका उत्तरातील मजकूर दुसऱ्यात पुन्हा देण्याऐवजी त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

1. वसंतराव नाईक यांची ओळख थोडक्यात सांगता येईल का?

वसंतराव फुलसिंग नाईक यांचा जन्म 1 जुलै 1913 रोजी यवतमाळ जिल्ह्यातील पुसद तालुक्यात, गहुली या गावी, बंजारा समाजातील शेतकरी कुटुंबात झाला. 5 डिसेंबर 1963 पासून 20 फेब्रुवारी 1975 पर्यंत, म्हणजे सलग अकरा वर्षांहून अधिक काळ, ते महाराष्ट्राचे मुख्यमंत्री होते. 18 ऑगस्ट 1979 रोजी सिंगापूर येथे त्यांचे निधन झाले. त्यांचा जन्मदिवस राज्यात कृषी दिन म्हणून साजरा होतो, त्यामुळे त्यांची प्रतिमा मुख्यतः शेतीशी जोडली गेली आहे. ती चुकीची नाही, पण अपुरी आहे. जिल्हा परिषद, पंचायत समिती आणि नगरपरिषद या ज्या संस्थांच्या दारात आपण दाखल्यांसाठी आणि करभरण्यासाठी उभे राहतो, त्यांची आजची चौकट ज्यांच्या हाताखालून गेली, त्यांत नाईकांचे नाव अग्रभागी आहे.

2. ते प्रत्यक्ष वकिली करत होते, की केवळ पदवी घेतली होती?

त्यांनी प्रत्यक्ष वकिली केली. नागपूरच्या मॉरिस कॉलेजातून पदवी घेतल्यानंतर 1940 मध्ये त्यांनी कायद्याची परीक्षा उत्तीर्ण केली. प्रारंभी अमरावतीत डॉ. पंजाबराव देशमुख यांच्या हाताखाली आणि नंतर स्वतःच्या पुसद गावी त्यांनी वकिलीचा व्यवसाय केला. 1941 मध्ये वत्सलाबाई घाटे यांच्याशी त्यांचा आंतरजातीय विवाह झाला. त्या काळात असा विवाह करणे म्हणजे दोन्हीकडच्या समाजाचा रोष ओढवून घेणे होते.

तालुक्याच्या गावातील वकिलाकडे येणारा पक्षकार हा बहुधा शेतकरीच असतो. त्याचा वाद बांधाचा, सातबाऱ्यावरील नोंदीचा, कर्जाचा किंवा कुळाचा असतो आणि कायद्यातील एखादा शब्द पुढेमागे झाला की त्याचे एक वर्ष वाया जाते. पुढे महसूलमंत्री म्हणून नाईकांनी जमिनीच्या आणि पंचायतींच्या प्रश्नांत जो बारकावा दाखवला, त्याची मुळे मला या काळातच दिसतात.

3. ठाणे जिल्ह्याच्या राजकारणातील नाईक कुटुंबाशी त्यांचे नाते होते का?

नाही. नावसाधर्म्यापलीकडे काहीही संबंध नाही. वसंतरावांचे पुतणे सुधाकरराव नाईक हे मात्र 1991 ते 1993 या काळात मुख्यमंत्री होते आणि त्यांचा नवी मुंबईशी एक महत्त्वाचा संबंध आहे. तो प्रश्न 11 मध्ये आला आहे.

4. पुसदचे नगराध्यक्षपद एवढे महत्त्वाचे का मानले जाते? ते तर एका लहान गावाचे पद होते.

ते लहान गावाचे पद होते, म्हणूनच महत्त्वाचे आहे. 1946 मध्ये नाईक पुसद नगरपालिकेचे अध्यक्ष झाले. त्या वेळी पुसद मध्यप्रांत व वऱ्हाड या प्रांतात होते आणि तेथील नगरपालिका त्या प्रांताच्या 1922 च्या नगरपालिका कायद्याखाली चालत असत. म्हणजे ठाण्याच्या नगरपालिकेला लागू असलेला मुंबई प्रांताचा कायदा पुसदला लागू नव्हता. हा मुद्दा पुढे 1965 च्या कायद्याच्या संदर्भात कामी येतो (प्रश्न 8 पाहा).

नगराध्यक्षाच्या खुर्चीत जे शिकायला मिळते ते मंत्रालयात मिळत नाही. नळाला पाणी आले नाही तर तक्रार घेऊन येणारा माणूस थेट घरी येतो. सफाई कामगारांचा पगार थकला तर तो कोणत्या शीर्षातून द्यायचा याचे उत्तर त्याच दिवशी शोधावे लागते. आणि रस्त्याचा प्रस्ताव वरच्या मंजुरीसाठी अडला की त्या अडण्याची किंमत गावाला पावसाळ्यात कळते. 1952 मध्ये पुसदमधून विधानसभेवर निवडून जाण्याआधी नाईकांनी हे सर्व जवळून पाहिले होते. राज्यकर्त्यांत हा अनुभव त्यांच्यापुरताच मर्यादित नव्हता, हेही नोंदवले पाहिजे. त्यांच्यानंतर मुख्यमंत्री झालेले शंकरराव चव्हाण हेसुद्धा वकील होते आणि नांदेडचे नगराध्यक्ष राहिलेले होते.

5. नाईक समिती म्हणजे काय आणि ती का नेमली गेली?

1957 मध्ये बलवंतराय मेहता समितीने देशासाठी त्रिस्तरीय, म्हणजे गाव, विकासगट (साधारण तालुक्याएवढे क्षेत्र) आणि जिल्हा अशा तीन पातळ्यांच्या पंचायत राज्याची शिफारस केली. ती शिफारस आपापल्या परिस्थितीनुसार कशी राबवायची हे प्रत्येक राज्याने ठरवायचे होते. 1 मे 1960 रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले आणि पुढच्याच महिन्यात, 27 जून 1960 रोजी, तत्कालीन महसूलमंत्री वसंतराव नाईक यांच्या अध्यक्षतेखाली लोकशाही विकेंद्रीकरण समिती नेमण्यात आली. समितीने 15 मार्च 1961 रोजी अहवाल सादर केला. त्यात 226 शिफारशी होत्या.

नव्या राज्याला या समितीची तातडीने गरज होती, कारण ते तीन वेगवेगळ्या प्रशासकीय परंपरांचे भाग जोडून बनले होते. पश्चिम महाराष्ट्र आणि कोकणात जिल्हा लोकल बोर्डे होती, विदर्भाच्या काही भागांत जनपद सभा (तालुका पातळीवरील स्थानिक संस्था) होत्या आणि मराठवाड्यात निजामाच्या राज्यातून आलेली व्यवस्था होती. शाळा एका मंडळाकडे, रस्ते दुसऱ्याकडे आणि विकासगटाची कामे थेट सरकारी अधिकाऱ्याकडे असा कारभार चालत असे. अहवालावर आधारित महाराष्ट्र जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम 1961 मध्ये संमत झाला आणि 1 मे 1962 पासून जिल्हा परिषदांचा कारभार सुरू झाला. ठाणे जिल्हा परिषदही त्याच व्यवस्थेतून उभी राहिली.

6. मेहता समिती आणि नाईक समिती यांत नेमका फरक कोणता? आमदार, खासदार आणि जिल्हाधिकारी यांना बाहेर का ठेवले?

हा प्रश्न सर्वाधिक वेळा येतो, म्हणून त्याचे उत्तर सविस्तर देत आहे. मेहता समितीने विकासगटाला, म्हणजे पंचायत समितीला, व्यवस्थेचा कणा मानले होते. जिल्हा पातळीवरील परिषद तिच्या दृष्टीने मुख्यतः सल्लागार स्वरूपाची होती, तिच्यात आमदार-खासदार असावेत आणि जिल्हाधिकारी तिचा अध्यक्ष असावा, असे तिचे मत होते. नाईक समितीने हे सूत्र उलटे केले. तिने जिल्हा परिषदेला सर्वाधिक अधिकार दिले, तिचे सदस्य मतदारांनी थेट निवडावेत असे सुचवले आणि पंचायत समितीला तिच्या अंतर्गत काम करणारी संस्था मानले.

या निवडीमागे व्यवहाराचा विचार होता. अभियंता, आरोग्य अधिकारी, शिक्षणाधिकारी हे तज्ज्ञ त्या काळी जिल्ह्याच्या पातळीवरच उपलब्ध होते आणि पैशाची तरतूदही तेथेच अर्थपूर्ण प्रमाणात होऊ शकत होती. ज्या संस्थेकडे ना तज्ज्ञ आहेत ना निधी, तिला अधिकार दिल्याने गावात रस्ता होत नाही. अधिकार लोकांच्या जवळ असावेत, पण ते पेलण्याची ताकद असलेल्या ठिकाणी असावेत, हा या अहवालाचा मला सर्वांत मोलाचा वाटणारा विचार आहे.

आमदार आणि खासदार यांना जिल्हा परिषदेत स्थान देऊ नये, ही शिफारस एका मंत्र्याच्या अध्यक्षतेखालील समितीने करावी, हे धाडसाचेच होते. राज्य पातळीवरील वजनदार नेते सभागृहात बसले की नवे स्थानिक नेतृत्व त्यांच्या सावलीत खुरटते, हे त्यामागचे कारण. जिल्हाधिकाऱ्यालाही परिषदेच्या बाहेर ठेवून तिच्यासाठी मुख्य कार्यकारी अधिकारी हे स्वतंत्र पद सुचवण्यात आले. परिणामी आजही ठाण्यात जिल्हाधिकारी कार्यालय आणि जिल्हा परिषद या दोन वेगळ्या यंत्रणा आहेत. सातबाऱ्याची तक्रार पहिल्या ठिकाणी जाते आणि प्राथमिक शाळेच्या गळक्या छपराची तक्रार दुसऱ्या ठिकाणी जाते. पुष्कळ अर्जदारांचा एक फेरा येथेच वाया जातो.

7. जिल्हा परिषदांचे श्रेय यशवंतराव चव्हाणांचे की वसंतराव नाईकांचे?

समिती नेमणे, कायदा संमत करून घेणे आणि त्याला राजकीय पाठबळ देणे हे तत्कालीन मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण यांचे काम. व्यवस्थेचा आराखडा तयार करणे हे नाईक समितीचे काम. तो आराखडा पुढील दशकभर मुख्यमंत्री म्हणून राबवणे हेही नाईकांच्याच वाट्याला आले. चव्हाणही कायद्याचे पदवीधर होते. दोघांपैकी एकाचे नाव खोडून दुसऱ्याचे लिहिण्याचा आग्रह मला अनाठायी वाटतो.

8. जिल्हा परिषद ग्रामीण भागासाठी झाली. लहान शहरांसाठी नाईकांच्या काळात काय झाले?

महाराष्ट्र नगरपालिका अधिनियम, 1965 हे त्याचे उत्तर आहे. नाईक मुख्यमंत्री असताना हा कायदा संमत झाला. त्यापूर्वी पुसदला एक कायदा, पनवेलला दुसरा आणि मराठवाड्यातील शहरांना तिसरा अशी स्थिती होती. 1965 च्या कायद्याने मुंबई प्रांत, मध्यप्रांत-वऱ्हाड आणि हैदराबाद राज्य यांच्याकडून आलेल्या नगरपालिका कायद्यांच्या जागी राज्यभर एकच कायदा आणला. लोकसंख्येनुसार नगरपरिषदांचे अ, ब आणि क असे वर्ग केले. एक लाखाहून अधिक लोकसंख्या असलेले शहर अ वर्गात मोडते. मुख्याधिकारी, सर्वसाधारण सभा, विषय समित्या, करआकारणी आणि लेखापरीक्षण यांची राज्यभर एकसारखी रीत या कायद्याने घालून दिली.

आज ठाणे जिल्ह्यातील अंबरनाथ आणि कुळगाव-बदलापूर या दोन नगरपरिषदा याच कायद्याखाली चालतात. कायद्याच्या नावात पुढे नगरपंचायती आणि औद्योगिक नगरी यांची भर पडली आहे, पण सांगाडा तोच आहे. घरपट्टीच्या आकारणीवर हरकत घ्यायची असो की सर्वसाधारण सभेच्या ठरावाची प्रत मागायची असो, आधार याच अधिनियमात शोधावा लागतो.

9. मुरबाड आणि शहापूरच्या नगरपंचायतीही नाईकांच्या काळातील आहेत का?

नाही. नगरपंचायत हा प्रकार 1 जून 1993 पासून अमलात आलेल्या 74 व्या घटनादुरुस्तीनंतरचा आहे. ग्रामीण वस्तीकडून शहरी वस्तीकडे संक्रमण करणाऱ्या भागासाठी ती असते. मुरबाड आणि शहापूर येथे त्याआधी ग्रामपंचायती होत्या.

10. आम्ही बदलापूरला राहतो. आम्हाला जिल्हा परिषदेसाठी मतदान का करता येत नाही?

कारण जिल्हा परिषदेचे क्षेत्र म्हणजे महानगरपालिका, नगरपरिषद आणि नगरपंचायती वगळून उरणारा ग्रामीण जिल्हा. तुमचे स्थानिक सभागृह नगरपरिषद हे आहे. 1 ऑगस्ट 2014 रोजी पालघर जिल्हा वेगळा झाल्यानंतर ठाणे जिल्हा परिषदेकडे कल्याण, भिवंडी, अंबरनाथ, शहापूर आणि मुरबाड या पाच पंचायत समित्या उरल्या. त्यामुळे अंबरनाथ तालुक्यातील एखाद्या गावचा रहिवासी जिल्हा परिषदेच्या गटासाठी (मतदारसंघासाठी) आणि पंचायत समितीच्या गणासाठी (त्याहून लहान मतदारसंघासाठी) मतदान करतो, पण त्याच तालुक्यातील बदलापूर शहराचा रहिवासी प्रभागासाठी मतदान करतो.

बदलापूर आणि अंबरनाथ यांच्या बाबतीत आणखी एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. 1983 मध्ये कल्याण महानगरपालिका स्थापन झाली तेव्हा ही दोन्ही शहरे तिच्यात विलीन झाली होती. 1992 मध्ये ती बाहेर पडली आणि त्यांना पुन्हा स्वतःच्या नगरपरिषदा मिळाल्या. मोठ्या महापालिकेत सामील होणे म्हणजे आपोआप प्रगती, अशी समजूत असणाऱ्यांनी हे उदाहरण अभ्यासावे.

11. स्थानिक स्वराज्याचा पुरस्कार करणाऱ्या मुख्यमंत्र्यांच्याच काळात सिडको (शहर व औद्योगिक विकास महामंडळ) आली. तिच्यात निवडून आलेले कोणीच नसते. ही विसंगती नाही का?

ही विसंगती आहे आणि ती टाळून नाईकांच्या कार्याचा विचार पूर्ण होत नाही. मुंबईवरील ताण कमी करण्यासाठी खाडीपलीकडे नवे शहर वसवण्याचा निर्णय नाईक सरकारने घेतला. 17 मार्च 1970 रोजी सिडकोची कंपनी म्हणून नोंदणी झाली आणि पुढच्या वर्षी महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, 1966 खाली तिला नव्या शहराच्या विकासाचे अधिकार मिळाले. ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतील 95 गावांचे सुमारे 344 चौरस किलोमीटर क्षेत्र या प्रकल्पाखाली आले.

शहर अद्याप वसलेले नसताना मतदार कोठून आणायचे, हा सरकारच्या बाजूचा युक्तिवाद होता आणि नव्याने येणाऱ्या वस्तीपुरता तो खराही होता. पण घणसोली, कोपरखैरणे, जुहूगाव, दिवाळे ही गावे आधीपासून तेथे होती. त्यांच्या ग्रामपंचायती होत्या आणि त्यांची मिठागरे, भातशेती आणि मासेमारी होती. जमिनीचा निर्णय मात्र त्यांच्या सभागृहात झाला नाही. नव्या वसाहती वाढत गेल्या, तरी तेथील रहिवाशांना रस्ते आणि पाण्याविषयी जाब विचारायला स्वतःचा नगरसेवक नव्हता. 1 जानेवारी 1992 रोजी, सुधाकरराव नाईक मुख्यमंत्री असताना, नवी मुंबई महानगरपालिका अस्तित्वात आली आणि पहिली निवडणूक 1995 मध्ये झाली. सिडकोची स्थापना आणि पहिले मतदान यांत पंचवीस वर्षांचे अंतर पडले. नियोजनाला वेळ लागतो हे मान्य केले, तरी हे अंतर अतिशय जास्त होते, असे माझे स्पष्ट मत आहे. नाईक समितीच्याच तर्काने पाहिले तर 1970 च्या दशकातच निर्वाचित प्रतिनिधींना सिडकोच्या निर्णयप्रक्रियेत बंधनकारक स्थान देता आले असते.

12. त्याचा आज आमच्यावर काय परिणाम होतो? मालमत्ता कर महापालिका घेते, मग सिडकोकडे का जावे लागते?

सिडकोच्या अनेक नोडमधील (नियोजित उपनगरांमधील) जमीन मालकी हक्काने विकलेली नसून दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने दिलेली आहे. त्यामुळे वाशी किंवा नेरुळमधील सदनिका विकताना पाणी, कचरा आणि मालमत्ता कर यांची थकबाकी महापालिकेकडे पाहावी लागते, तर भाडेपट्टा हस्तांतरणाची परवानगी सिडकोकडे मागावी लागते. दोन्ही कार्यालये बेलापूरलाच आहेत, पण एक सभागृहाला उत्तरदायी आहे आणि दुसरे नाही. व्यवहार करण्यापूर्वी आपल्या भूखंडाचा मूळ भाडेपट्टा काढून वाचावा, कारण अटी प्रत्येक ठिकाणी सारख्या नाहीत.

गावठाणातील स्थिती अधिक अवघड आहे. घणसोलीसारख्या गावात चिंचोळ्या गल्लीच्या एका तोंडाला आखीव सेक्टर सुरू होतो आणि आतल्या बाजूला एकमेकांना टेकलेली घरे आहेत. त्यांतील कित्येक कुटुंबांच्या कपाटात जुन्या ग्रामपंचायतीच्या घरपट्टीच्या पावत्या आजही घडी घालून जपलेल्या असतात. मालकी सिद्ध करण्यासाठी ती पावती एकटी पुरेशी नसते, परंतु घर किती जुने आहे हे दाखवण्यासाठी ती उपयोगी पडते. अशा पावत्या टाकून देऊ नयेत.

13. दि. बा. पाटील हेही वकील होते. त्यांचा आणि नाईकांचा विषय एकत्र का येतो?

उरण तालुक्यातील जासईचे दि. बा. पाटील हे शेतकरी कामगार पक्षाचे नेते आणि पनवेलचे अनेक वेळा आमदार होते. नाईक सरकारने आखलेल्या नव्या शहरासाठी ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांची बाजू त्यांनी विधिमंडळात आणि रस्त्यावर लढवली. जानेवारी 1984 मध्ये जासई-न्हावाशेवा परिसरातील आंदोलनात पोलिसांच्या गोळीबारात पाच जणांनी प्राण गमावले. त्या संघर्षातून संपादित जमिनीच्या मोबदल्यात साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना पुढे आली. योजना वसंतरावांनी आणली, असे काही ठिकाणी लिहिलेले आढळते. ते चूक आहे, कारण ती त्यांच्या निधनानंतरची आहे.

14. महापालिकेत गेलेले गाव पुन्हा बाहेर पडू शकते का?

पडू शकते, पण निर्णय राज्य सरकारच्या अधिसूचनेने होतो, गावाच्या ठरावाने नाही. नवी मुंबईच्या उत्तरेकडील 14 गावे याचे उदाहरण आहेत. ती आधी महापालिकेत होती, स्थानिकांच्या विरोधामुळे बाहेर पडली आणि काही वर्षांनी नागरी सुविधांसाठी पुन्हा समावेशाची मागणी तेथूनच झाली. बाहेर पडण्याची मागणी करण्यापूर्वी ग्रामपंचायतीचे उत्पन्न किती राहील आणि पाणीपुरवठ्याची जबाबदारी कोणाकडे जाईल, हे आकड्यांत मांडून घ्यावे. अंबरनाथ-बदलापूरचा अनुभव यापेक्षा वेगळा आहे (प्रश्न 10 पाहा), कारण त्यांच्याकडे स्वतंत्र शहराइतकी लोकसंख्या आणि करपाया होता.

15. परीक्षेत समित्यांच्या नावांत गोंधळ होतो. क्रम कसा लक्षात ठेवावा?

राष्ट्रीय पातळीवर बलवंतराय मेहता समिती 1957 ची आहे. महाराष्ट्रात वसंतराव नाईक समिती 1960 मध्ये नेमली गेली, 1961 मध्ये तिचा अहवाल आणि कायदा झाला आणि 1962 मध्ये अंमलबजावणी झाली. या तीन वर्षांची अदलाबदल करून पर्याय दिले जातात. त्यानंतर कारभाराचे मूल्यमापन करण्यासाठी ल. ना. बोंगिरवार समिती 1970 मध्ये आणि प्रा. पी. बी. पाटील समिती 1984 मध्ये नेमली गेली. ग्रामपंचायतींचा कायदा 1958 चा आहे, म्हणजे तो नाईक समितीच्या आधीचा आहे.

16. निवडणूकच झाली नाही आणि प्रशासक बसला, तर नाईकांच्या कायद्यात नागरिकांसाठी काही तरतूद आहे का?

मूळच्या 1961 आणि 1965 च्या कायद्यांत सरकारकडे संस्था बरखास्त करण्याचे आणि प्रशासक नेमण्याचे अधिकार होते आणि मुदतवाढीवरही फारसे बंधन नव्हते. तो या कायद्यांचा कच्चा दुवा होता. त्यावर घटनात्मक बंधन 73 व्या आणि 74 व्या घटनादुरुस्तीने आले. अनुच्छेद 243-ई पंचायतींसाठी आणि अनुच्छेद 243-यू नगरपालिकांसाठी पाच वर्षांची मुदत निश्चित करतो. निवडणूक मुदत संपण्यापूर्वी, किंवा बरखास्ती झाल्यास सहा महिन्यांच्या आत, पूर्ण झाली पाहिजे असे ते सांगतात.

असे असूनही नवी मुंबई महानगरपालिकेची मुदत 2020 मध्ये संपल्यानंतर तेथे अनेक वर्षे प्रशासक होते. आरक्षण आणि प्रभागरचना यांवरील न्यायालयीन वाद हे त्याचे एक कारण होते. अशा काळात नागरिकाला अर्थसंकल्पाची प्रत, ठरावांची नोंद आणि निविदांची माहिती माहिती अधिकारात मागता येते, कारण सभागृहाचे अधिकार प्रशासकाकडे गेले तरी कागदपत्रे खुली ठेवण्याची जबाबदारी संपत नाही. अर्ज महापालिकेच्या संबंधित विभागाच्या जनमाहिती अधिकाऱ्याच्या नावे करावा, विषयात प्रशासकीय ठरावाचा क्रमांक आणि दिनांक लिहावा, आणि तीस दिवसांत उत्तर न आल्यास त्याच कार्यालयातील प्रथम अपिलीय अधिकाऱ्याकडे अपील दाखल करावे.